क्लिफर्ड ट्रूस्डेल यांचे यामिकी-ग्रंथ : व्याख्या, संज्ञा आणि भाषा

१

गणिती विज्ञानातील ग्रंथांचे परीक्षण त्या त्या शास्त्राच्या जाणकारांनी करावे, भाषेच्या अभ्यासकाने त्यात पडू नये, असा सर्वसाधारण समज आहे. तो बव्हंशी योग्यही आहे. परंतु काही ग्रंथकार असे असतात की, ज्यांचे शास्त्रीय कार्य त्यांच्या भाषेपासून वेगळे काढताच येत नाही. संज्ञा निश्चित करणे, व्याख्येची मर्यादा आखणे, जुने शब्द टाकून नवे घडविणे आणि प्रत्येक शब्दाचा पूर्वेतिहास शोधणे, हेच ज्यांच्या शास्त्राचे अर्धे काम आहे, अशांच्या ग्रंथांकडे भाषाशास्त्राला दुर्लक्ष करून चालणार नाही. क्लिफर्ड अँब्रोझ ट्रूस्डेल हे अशा ग्रंथकारांपैकी एक होत.

ट्रूस्डेल यांचा जन्म १९१९ मध्ये लॉस एंजेलिस येथे झाला व मृत्यू २००० मध्ये बाल्टिमोर येथे झाला. प्रिन्स्टन येथून १९४३ मध्ये डॉक्टरेट मिळविल्यानंतर काही वर्षे अमेरिकी नौदलाच्या प्रयोगशाळांत, पुढे १९५० पासून इंडियाना विद्यापीठात आणि १९६१ पासून जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठात त्यांनी काम केले. तेथे त्यांच्या अध्यासनाचे नाव ‘रॅशनल मेकॅनिक्स’, म्हणजे तर्कनिष्ठ यामिकी, असे होते. हे नाव न्यूटनच्या ‘प्रिन्सिपिया’च्या प्रस्तावनेतील लॅटिन संज्ञेवरून आलेले आहे. विसाव्या शतकात ते पुन्हा प्रचारात आणणे ही केवळ हौस नव्हती. त्यात एक भूमिका होती. यामिकी ही पदार्थविज्ञानाची वापरून झालेली पहिली पायरी नसून भूमितीसारखे स्वयंपूर्ण, वर्धिष्णु गणिती शास्त्र आहे, ही ती भूमिका होय.

२

ट्रूस्डेल यांच्या ग्रंथांचा विषय थोडक्यात सांगणे अवश्य आहे. पाणी, पोलाद, रबर, डांबर, मध हे सारे पदार्थ अणुरेणूंचे बनलेले असले, तरी त्यांच्या स्थूल हालचालीचा विचार करताना ते सलग, कोठेही खंड नसलेले द्रव्य आहेत असे मानता येते. अशा संतत माध्यमाची यामिकी अठराव्या शतकात ऑयलर याने आणि १८२० नंतरच्या दशकात कोशी याने उभी केली. वस्तुमान, संवेग, संवेगाचा आघूर्ण आणि ऊर्जा यांचे संतुलन सांगणारे नियम सर्व पदार्थांना सारखेच लागू पडतात. पाणी आणि पोलाद यांत फरक करणारे काहीही त्या नियमांत नाही. तो फरक दुसऱ्या प्रकारच्या समीकरणांत सांगावा लागतो. अमुक पदार्थात अमुक विरूपणामुळे अमुक अंतर्गत बल निर्माण होते, असे ती समीकरणे सांगतात. एकोणिसाव्या शतकात या दुसऱ्या प्रकारच्या समीकरणांचे दोनच नमुने सर्वत्र वापरात राहिले : स्थितिस्थापक घन पदार्थाचा एकघाती नियम आणि श्यान द्रवाचा एकघाती नियम. विरूपण लहान असेल तोवर पहिला पुरतो. दुसरा पाणी, हवा यांसारख्या साध्या द्रायूंना पुरतो. रबराला मोठा पीळ दिला, किंवा बहुवारिकाच्या दाट द्रावणात दांडी फिरविली, तर मात्र दोन्ही नियम अपुरे पडतात. पिळलेली तार लांबते हे पॉइंटिंग याने १९०९ मध्ये दाखविले होते, आणि फिरत्या दांडीवर काही द्रव चढू लागतात हा वाइसेनबर्ग परिणाम १९४० नंतरच्या दशकात प्रसिद्ध झाला. जुन्या सिद्धांतात या दोन्ही गोष्टींना जागा नव्हती.

ही कोंडी फोडण्याचे श्रेय एकट्या ट्रूस्डेल यांचे नव्हे. रायनर यांचा १९४५ चा लेख आणि रिव्हलिन यांची १९४८ पासूनची लेखमाला यांनी मार्ग मोकळा केला. रिव्हलिन यांच्या निष्कर्षांपैकी एकच सांगितला तरी त्यांचा मोलाचा वाटा ध्यानात येईल. कोणत्याही समदिक् स्थितिस्थापक पदार्थाच्या ठोकळ्याला साधे कर्तन दिले असता, कर्तनाच्या दिशेचे व तिला लंब दिशेचे लंबप्रतिबल यांतील फरक हा कर्तनाचे परिमाण व कर्तनप्रतिबल यांच्या गुणाकाराइतकाच असतो. पदार्थ कोणता आहे याची चौकशीसुद्धा करावी लागत नाही. ट्रूस्डेल यांनी केले ते असे की, अशा विखुरलेल्या निष्कर्षांना एका शास्त्राचे रूप दिले. १९५२ मधील त्यांचा स्थितिस्थापकत्व व द्रायुगतिकी यांच्या पायाविषयीचा प्रदीर्घ लेख, १९६० मधील टूपिन यांच्यासह लिहिलेला ‘द क्लासिकल फील्ड थिअरीज’ आणि १९६५ मधील वॉल्टर नोल यांच्यासह लिहिलेला ‘द नॉन-लिनिअर फील्ड थिअरीज ऑफ मेकॅनिक्स’ ही त्या कार्याची तीन शिखरे होत. यांतील शेवटचे दोन ग्रंथ फ्ल्यूगे यांनी संपादिलेल्या जर्मन पदार्थविज्ञानकोशाचे भाग म्हणून प्रसिद्ध झाले. कोशातील नोंदी म्हणून आरंभिलेले हे लेखन प्रत्येकी पाचशेहून अधिक पृष्ठांचे झाले. यावरूनच लेखकाचा पिंड कळून येतो.

३

या ग्रंथांतील भाषाव्यवहाराचे पहिले वैशिष्ट्य म्हणजे व्याख्येवरील अढळ निष्ठा. ‘द्रव’ आणि ‘घन’ हे शब्द प्रत्येक भाषेत अनुभवातून आलेले आहेत. जे वाहते ते द्रव आणि जे आकार धरून राहते ते घन. परंतु डांबर वाहते की आकार धरते? उत्तर किती वेळ पाहिले यावर अवलंबून राहते. नोल यांनी १९५८ मध्ये मांडलेली व ट्रूस्डेल यांच्या ग्रंथांनी सर्वत्र रूढ केलेली व्याख्या या अनुभवाला बाजूला ठेवते. पदार्थाच्या कणांची अशी कोणती पुनर्रचना आहे की, जी आधी गुपचूप केली असता नंतरच्या कोणत्याही प्रयोगात ओळखता येणार नाही, एवढेच ती विचारते. घनता न बदलणारी कोणतीही पुनर्रचना ओळखता येत नसेल तर तो पदार्थ द्रायू. एखाद्या स्थितीपासून पाहिले असता ज्या पुनर्रचना ओळखता येत नाहीत त्या फक्त परिभ्रमणाच्या प्रकारच्याच असतील, तर तो घन. येथे ‘वाहणे’ हे क्रियापद व्याख्येत कोठेही नाही. काळाचाही उल्लेख नाही. पदार्थ कशाचे विस्मरण करतो यावर त्याची जात ठरविली आहे. या व्याख्येतून एक प्रमेयही निघते : साधा समदिक् पदार्थ एक तर द्रायू असतो किंवा घन असतो, तिसरी जात संभवत नाही. नेहमीच्या शब्दार्थांवरून असे प्रमेय कधीच सिद्ध करता आले नसते.

या संदर्भात मराठीतील एका शब्दाची आठवण होते. द्रव आणि वायू या दोहोंसाठी मिळून मराठी विश्वकोशाने ‘द्रायू’ हा शब्द स्वीकारला आहे. दोन शब्दांच्या तुकड्यांच्या जोडणीतून तो साधलेला आहे. सोयीच्या दृष्टीने तो उत्तम आहे, परंतु त्याची घटना यादीवजा आहे. वर्गात कोण कोण येतात ते तो सांगतो, ते का येतात ते सांगत नाही. नोल-ट्रूस्डेल यांची व्याख्या नेमके हे ‘का’ सांगते. शब्द संग्रहवाचक राहून व्याख्या लक्षणवाचक होणे यात काही दोष नाही. व्याख्येचे काम मात्र शब्दाच्या घटनेवर सोपविता येत नाही, एवढे त्यावरून स्पष्ट होते.

दुसरे वैशिष्ट्य चिन्हलेखनाचे आहे. १९६० च्या ग्रंथात प्रदिशांचे लेखन बहुतांशी निर्देशांकांनी, म्हणजे अक्षरांच्या वर-खाली लहान अक्षरे जोडून, केलेले आहे. १९६५ च्या ग्रंथात ते मुख्यतः थेट पद्धतीने, म्हणजे राशीचे एकच अक्षर लिहून, केलेले आहे. हा फरक व्याकरणाचाच आहे असे म्हणता येईल. निर्देशांकांच्या भाषेत प्रत्येक विधानासोबत सहनिर्देशक-पद्धतीचा उल्लेख करावाच लागतो. थेट भाषेत तो करता येत नाही. जे अप्रस्तुत आहे ते उच्चारताच येऊ नये अशी लिपी निवडणे, हा शास्त्रीय भाषेतील मोठा गुण आहे. पण या गुणाची मर्यादाही सांगितली पाहिजे. थेट लेखनाने सहनिर्देशकांपासून मुक्तता मिळते. निरीक्षकापासून मिळत नाही. वेग हा सदिश एकाच अक्षराने लिहिला तरी तो कोणाच्या दृष्टीने वेग आहे हा प्रश्न उरतोच. या दोन गोष्टींची गल्लत अनेक पाठ्यपुस्तकांत झालेली आढळते. ट्रूस्डेल यांच्या ग्रंथांत ती होऊ दिलेली नाही.

४

निरीक्षकाचा हा प्रश्नच त्यांच्या सर्व लेखनाचा केंद्रबिंदू आणि वादाचाही विषय ठरला. पदार्थाचा प्रतिसाद तो पदार्थ पाहणाऱ्याच्या हालचालीवर अवलंबून नसतो, असे हे तत्त्व सांगते. स्प्रिंगला वजन टांगून ती किती ताणली जाते ते मोजले आणि मग तीच स्प्रिंग फिरत्या चकतीवर आडवी ठेवून तिचे ताणणे मोजले, तर दोन्ही वेळी ताण व लांबी यांचा संबंध एकच असेल, हे त्याचे सर्वांना समजणारे उदाहरण होय. या तत्त्वाच्या नावांचा इतिहास भाषाशास्त्राच्या दृष्टीने फार बोलका आहे. नोल यांनी १९५५ मध्ये त्याला ‘अवकाशाची समदिक्ता’ म्हटले. १९५८ मध्ये तेच तत्त्व ‘वस्तुनिष्ठतेचे तत्त्व’ झाले. १९६५ च्या ग्रंथात त्याला ‘द्रव्यगुणांची निर्देशचौकट-निरपेक्षता’ असे नाव मिळाले. पहिले नाव अवकाशाविषयी बोलते, दुसरे ज्ञानाविषयी आणि तिसरे द्रव्याविषयी. गणिती आशय जवळपास एकच राहिला, पण त्याचा कर्ता दोनदा बदलला.

हे तत्त्व निसर्गाचा नियम आहे काय? येथे पाणिनीय परंपरेतील एका भेदाचा उपयोग होतो. त्या परंपरेत सूत्रांचे संज्ञा, परिभाषा, विधी, नियम, अतिदेश आणि अधिकार असे सहा प्रकार मानले जातात. त्यांपैकी परिभाषासूत्र स्वतः कोणतेही शब्दरूप साधत नाही. इतर सूत्रे कशी लावावीत तेवढे ते सांगते. उदाहरणार्थ, सप्तमी विभक्तीने निर्देश केला असता कार्य त्याच्या लगेच आधीच्या वर्णाला होते, ही परिभाषा होय. हिच्यामुळे कोणताही वर्ण बदलत नाही, पण हिच्यावाचून वर्णविकाराचे सूत्र लावताच येत नाही. ट्रूस्डेल यांच्या ग्रंथांतील निरपेक्षतेचे तत्त्व नेमके याच कोटीतील आहे. ते पोलादाविषयी किंवा रबराविषयी काही सांगत नाही. त्यांच्याविषयीची समीकरणे कोणत्या रूपात लिहिली असता ग्राह्य मानावीत, ते सांगते. या चाळणीतून फारच थोडी रूपे सुटतात आणि म्हणूनच ते इतके फलदायी ठरले.

परंतु परिभाषेला विधीचा अधिकार दिला की अडचण निर्माण होते. १९७२ मध्ये इंगो म्युलर यांनी वायूंच्या गतिज सिद्धांतावरून असे दाखविले की, विरळ वायूतील प्रतिबल व ऊष्माप्रवाह यांची पहिल्या पायरीपुढील समीकरणे चौकटीच्या परिभ्रमणावर अवलंबून राहतात. परिणाम अत्यल्प असला तरी तत्त्वाचा प्रश्न उपस्थित झाला. ट्रूस्डेल यांनी १९७६ मध्ये या आक्षेपाला उत्तर दिले. त्या लेखाच्या शीर्षकातच प्रतिपक्षाच्या चुकांची दुरुस्ती आणि निराधार शंका या दोन्ही गोष्टी जाहीर केलेल्या आहेत. गतिज सिद्धांतातील त्या श्रेणी पदार्थाची खरी स्वभावसमीकरणे नव्हेत, हा त्यांच्या उत्तराचा गाभा होता. तो विचारार्ह आहे. परंतु तत्त्वाशी विसंगत असणारे समीकरण ‘स्वभावसमीकरण’ या संज्ञेतच बसत नाही असे ठरविल्यावर, त्या तत्त्वाला कोणताही प्रतिकूल पुरावा मिळणे अशक्य होते. मग ते निसर्गाविषयीचे विधान राहत नाही, संज्ञेविषयीचे होते. व्याख्येच्या बळावर उभा राहिलेला ग्रंथकार येथे व्याख्येच्या आडोशाला गेला आहे, असे म्हणणे भाग आहे. विस्तृत प्रयोगक्षेत्रात हे तत्त्व निर्वेधपणे लागू पडते, आणि त्या क्षेत्राबाहेर त्याची कसोटी पाहिली जावी, एवढे मान्य करून त्यांच्या सिद्धांताचे काहीच गमावले जाणार नव्हते.

५

ऊष्मागतिकीवरील ग्रंथांत हाच गुण आणि हाच दोष अधिक ठळक होतो. ‘रॅशनल थर्मोडायनॅमिक्स’ १९६९ मध्ये प्रसिद्ध झाला. त्याची विस्तारित आवृत्ती १९८४ मध्ये निघाली. कोलमन आणि नोल यांनी १९६३ मध्ये सुचविलेली पद्धत त्याचा आधार आहे. एंट्रॉपीची असमता प्रत्येक प्रक्रियेने पाळलीच पाहिजे, म्हणून ती असमता प्रक्रियांवर नव्हे, तर पदार्थांच्या समीकरणांवर निर्बंध घालते, असा तिचा आशय आहे. वाक्यातील उद्देश्य आणि विधेय यांची ही अदलाबदल साधी वाटते, पण तिच्यामुळे एका संदिग्ध शास्त्राला निश्चित आकार आला. त्याच ग्रंथात ऑन्सागर यांच्या व्युत्क्रम-संबंधांच्या प्रचलित वापरावर जी टीका आहे, ती मात्र युक्तिवादाची पातळी अनेकदा सोडून उपहासावर येते. बल आणि प्रवाह यांची निवड करण्याचा नियमच दिलेला नाही, हा मूळ आक्षेप सबळ होता. तो शांतपणे मांडला असता तर अधिक वाचकांपर्यंत पोहोचला असता. उपहासाने दुखावलेल्या वाचकाने आक्षेपही टाकून दिला.

यामुळे प्रत्यक्ष हानी झाली. रिव्हलिन यांच्यासारख्या समकालीनाने, ज्यांच्या कार्यावर या ग्रंथांची उभारणी झाली होती, १९७० मध्ये या संप्रदायाच्या अमूर्ततेवर उपरोधिक टीका केली. वुड्स यांनी १९८१ मध्ये त्यातील गृहीततत्त्वांना खोटी ठरविणारा लेख लिहिला. मतभेद शास्त्रात असायचेच. परंतु प्रत्येक बाजू दुसऱ्या बाजूचे शब्दच नाकारू लागली की विद्यार्थ्याला आधी पक्ष निवडावा लागतो आणि मग शास्त्र शिकावे लागते.

६

इतिहासलेखन ही ट्रूस्डेल यांच्या कार्याची दुसरी बाजू. ऑयलरच्या समग्र ग्रंथावलीसाठी त्यांनी लिहिलेल्या प्रस्तावना आणि विशेषतः १६३८ ते १७८८ या काळातील लवचीक व स्थितिस्थापक वस्तूंच्या यामिकीचा १९६० मधील इतिहास हे मूळ लॅटिन, फ्रेंच व जर्मन लेखनाच्या बारीक वाचनावर आधारलेले आहेत. न्यूटनचे नियम म्हणून आज शिकविली जाणारी समीकरणे त्या सर्वसामान्य रूपात प्रथम ऑयलरने १७५० मध्ये मांडली, आणि संवेग-आघूर्णाचा नियम हा स्वतंत्र नियम आहे हेही ऑयलरनेच ओळखले, हे त्यांनी पुराव्यानिशी दाखविले. १९६८ च्या निबंधसंग्रहात हे विवेचन सुबोध रूपात आले आहे. शब्द एकच राहून अर्थ बदलतो आणि नंतरच्या पिढ्या नवा अर्थ जुन्या लेखकाच्या माथी मारतात, हा शब्दार्थविज्ञानातील नेहमीचा दोष त्यांनी विज्ञानाच्या इतिहासात अचूक पकडला.

१८२२ ते १८५४ या काळातील ऊष्मागतिकीचा १९८० मधील इतिहास मात्र अंक, प्रवेश आणि विष्कंभक अशा नाट्यरूपात रचलेला आहे. कार्नो, क्लॉसियस प्रभृतींच्या युक्तिवादांची आजच्या गणिताने केलेली पुनर्मांडणी त्यात विलक्षण स्पष्ट आहे. परंतु त्या पात्रांना त्यांच्या काळी उपलब्ध नसलेल्या काटेकोरपणाची फूटपट्टी लावून दोष देण्याची प्रवृत्तीही त्यात आहे. ऑयलरचे शब्द ऑयलरच्या अर्थाने वाचावेत असा आग्रह धरणाऱ्या इतिहासकाराने क्लॉसियसला तीच सवलत नाकारावी, ही विसंगती नजरेआड करता येत नाही.

७

या ग्रंथांपासून मराठी परिभाषेला काय घेता येईल, हा प्रश्न येथे अप्रस्तुत नाही. ‘स्ट्रेस’ आणि ‘स्ट्रेन’ हे इंग्रजीतील शब्द रोजच्या बोलण्यात जवळपास समानार्थी होते. रँकिन याने १८५० नंतरच्या दशकात त्यांची फारकत करून एकाला बलाचा आणि दुसऱ्याला विरूपणाचा अर्थ दिला. मराठीत त्यांसाठी ‘प्रतिबल’ आणि ‘विकृती’ हे शब्द रूढ आहेत. ‘प्रतिबल’ या शब्दातील उपसर्गामुळे असे सूचित होते की, आधी विरूपण होते आणि त्याला विरोध म्हणून बल उत्पन्न होते. स्थिर पाण्यातील दाबाला हे लागू पडत नाही. तेथे विरूपणाचा प्रश्नच नसतो, तरीही प्रतिबल असते. ‘विकृती’ हा शब्द सांख्यांच्या प्रकृति-विकृति या जोडीची आठवण करून देतो आणि वाचक मूळ, अविकृत अशी एक स्वाभाविक स्थिती गृहीत धरतो. ट्रूस्डेल यांचा आग्रह याच्या नेमका उलट आहे. संदर्भासाठी घेतलेली स्थिती ही केवळ सोयीची निवड असून तिला स्वाभाविकतेचा काही मान नाही. विकृतीची मापे अनेक असू शकतात आणि त्यांतील निवड हा संकेताचा भाग आहे, हेही १९६० च्या ग्रंथात स्पष्ट केलेले आहे. मोठ्या विरूपणांचा प्रश्न १९३५ इतक्या आधी हाताळणारे आणि पुढे खरगपूरच्या तंत्रविज्ञान संस्थेत काम केलेले भोजराज सेठ यांनी विकृतीच्या सामान्यीकृत मापांचा जो विचार केला, तोही याच प्रश्नाशी निगडित आहे.

हे शब्द टाकून द्यावेत असा याचा अर्थ नव्हे. रूढ शब्द टिकतात आणि टिकावेत. मात्र पाठ्यपुस्तकाने शब्द देऊन थांबू नये. शब्दाची व्युत्पत्ती वाचकाला कोठे फसवील हेही सांगावे. ‘कॉन्स्टिट्यूटिव्ह’ समीकरणांसाठी शब्दशः ‘घटक समीकरणे’ म्हटल्यास ती पदार्थाच्या रासायनिक घटकांविषयी आहेत असा भ्रम होईल. ‘स्वभावसमीकरणे’ हा शब्द त्यापेक्षा आशयाच्या अधिक जवळचा आहे.

८

ट्रूस्डेल यांच्या ग्रंथांचे पुढे काय झाले, हे सांगून हे परीक्षण पुरे करता येईल. १९८४ च्या निबंधसंग्रहात त्यांनी संगणकाला विज्ञानाचा घात करणारे यंत्र ठरविले. आज अभियंते मोठ्या विरूपणांची गणिते संगणकावरच करतात, आणि त्या आज्ञावलींत प्रतिबलाच्या बदलाचे जे निरीक्षक-निरपेक्ष दर वापरले जातात, त्यांपैकी एकाला ट्रूस्डेल यांचेच नाव आहे. गणन करणाऱ्याला ते नाव कोणाचे हे बहुधा ठाऊक नसते. समीकरण कोणत्या गृहीतांवर उभे आहे हेही त्याला विचारावे लागत नाही. ट्रूस्डेल यांना भय वाटत होते ते याचेच. यंत्राविषयीचा त्यांचा संताप अतिरेकी होता, पण न समजलेल्या शब्दावर विसंबून काम चालविण्याविषयीची त्यांची चिंता रास्त होती.

१९६५ चा ग्रंथ १९९२ मध्ये पुन्हा आणि २००४ मध्ये तिसऱ्यांदा प्रसिद्ध झाला. चार दशकांनंतर पुन्हा छापले जाणारे कोशलेख विरळाच. नव्या वाचकाने १९७७ च्या प्राथमिक पाठ्यग्रंथापासून आरंभ करावा, १९६८ चे ऐतिहासिक निबंध सोबत ठेवावेत आणि मगच मोठ्या ग्रंथांकडे वळावे. वाचताना व्याख्या जशाच्या तशा स्वीकाराव्यात, कारण त्या फार काळजीपूर्वक घडविलेल्या आहेत. निर्णय मात्र तपासून घ्यावेत, कारण ते पुष्कळदा घाईने दिलेले आहेत. शब्दांचे ऋण फेडल्यावाचून विचाराला पुढे जाता येत नाही, हा धडा या ग्रंथांइतक्या सातत्याने विसाव्या शतकातील फार थोड्या विज्ञानग्रंथांनी दिला आहे, आणि तो यामिकीच्या विद्यार्थ्याइतकाच भाषेच्या विद्यार्थ्यालाही उपयोगी पडणारा आहे.